तहान लागल्यावर विहीर?

विहिरीला पाणी आहे, माथ्यावर ऊन आहे, शेतात हळद उभी आहे. आणि पंप मात्र बंद आहे! हिंगोली जिल्ह्यातील शेतकऱ्यावर अशी पाळी येऊ द्यावयाची काय, हा प्रश्न वरवर पाहता स्थानिक वाटेल. वस्तुतः तो साऱ्या देशाच्या औद्योगिक धोरणाचा प्रश्न आहे.

राज्य सरकारने २०२४ साली ‘मागेल त्याला सौर कृषी पंप’ ही योजना हाती घेतली. शेतकऱ्याने किमतीचा १० टक्के वाटा भरावा, अनुसूचित जातिजमातींच्या शेतकऱ्यांनी ५ टक्के भरावा आणि पुरवठादाराने पाच वर्षे दुरुस्तीची हमी द्यावी, असे तिचे स्वरूप आहे. तिच्या हेतूविषयी आमचे दुमत नाही. वसमत-कळमनुरीकडील हळद आठ-नऊ महिने जमिनीत राहते आणि पावसाळा सरला की तिची सारी भिस्त सिंचनावर असते. रात्रीच्या विजेसाठी जागणाऱ्या शेतकऱ्याला दिवसा पाणी मिळणे हा मोठाच दिलासा होय. परंतु मागेल त्याला पंप देऊ म्हणणाऱ्यांनी पंप कशाचा होतो, याचाही विचार केला पाहिजे.

पंपाच्या ओतीव भागांची चिंता नाही. ते ओतणारे कसबी कारागीर कोल्हापुरात आहेत. खरी अडचण मोटरीची आहे. तिचे वेटोळे तांब्याचे. तुतीकोरीनचा तांब्याचा कारखाना प्रदूषणविरोधी आंदोलनावरील गोळीबारानंतर मे २०१८ मध्ये बंद झाला आणि शुद्ध तांबे निर्यात करणारा आपला देश ते आयात करू लागला. लोकांचे आरोग्य पणास लावून तांबे गाळावे, असे आम्ही म्हणणार नाही. पण पर्यायाची तजवीज आधी व्हावयास हवी होती. मुंद्रा येथे २०२४ साली नवा कारखाना सुरू झाला खरा, तथापि त्याचेही खनिज बव्हंशी परदेशातूनच यावयाचे. चुंबकाची कथा याहून बिकट आहे. अनेक सौरपंपांच्या मोटरींत दुर्मिळ मृदा धातूंचे चुंबक असतात. ४ एप्रिल २०२५ रोजी चीनने अशा सात धातूंच्या व त्यांच्या चुंबकांच्या निर्यातीवर परवान्याचे बंधन घातले आणि जगभरच्या कारखानदारांची झोप उडाली.

पहिल्या महायुद्धात परदेशी लोखंड मिळेनासे झाले, तेव्हा लक्ष्मणराव किर्लोस्करांनी जुन्या तोफा वितळवून किर्लोस्करवाडीची भट्टी पेटती ठेवली. त्या जिद्दीला आमचे वंदन आहे. पण चुंबकाच्या तोफा आज कोणत्या गडावर मिळणार? येथे एकट्या कारखानदाराची हिकमत पुरणार नाही. सरकारचीच दूरदृष्टी हवी. केंद्र सरकारने नोव्हेंबर २०२५ मध्ये देशी चुंबकांसाठी ७,२८० कोटी रुपयांची योजना मंजूर केली. वर्षाला ६,००० टन चुंबक बनविण्याचे तिचे उद्दिष्ट आहे. आपल्या किनाऱ्यांवरील मोनाझाईट वाळूत निओडिमियम आहे. मात्र उष्णता सोसणाऱ्या चुंबकांना लागणारे डिस्प्रोसियम तीत अत्यल्प आहे. ते कोठून आणावयाचे, हे आजच ठरविले पाहिजे.

तोवर दोन गोष्टी तरी राज्य सरकारच्या हातच्या आहेत. एक म्हणजे पुरवठ्याच्या करारांत कच्च्या मालाच्या चढउताराला योग्य वाव ठेवणे. दर बांधलेला आणि तांबे महागलेले, अशा कात्रीत सापडलेल्या लहान कारखानदाराला तारेत काटकसर करण्याचा मोह होतो आणि त्या काटकसरीचा चटका अखेर शेतकऱ्याच्या मोटरीला बसतो. दुसरी म्हणजे पंपाचे सुटे भाग व दुरुस्तीचे शिक्षण घेतलेले कारागीर जिल्ह्यातच उपलब्ध करणे. सुटा भागच नसेल तर पाच वर्षांची हमी हा केवळ कागद ठरतो.

तहान लागल्यावर विहीर खणू नये, हे आपण पिढ्यान् पिढ्या ऐकत आलो. आता विहीर आहे, पंपही येत आहे. तो चालता ठेवण्याची तजवीज मात्र तहान लागण्यापूर्वीच झाली पाहिजे.