घुशीला औषध घालण्याआधी भिंतीकडचा पसारा हलवा

रब्बीची काढणी उरकली, रानं मोकळी झाली की उंदीर-घुशी वस्तीकडं सरकतात. घराच्या पायाशी ताज्या मातीचा ढीग दिसला की आपण पहिलं दुकान गाठतो. माझं मत स्पष्ट आहे: घराजवळ औषध हा पहिला नाही, शेवटचा उपाय.

झिंक फॉस्फाईडवर उतारा नाही. अंगणात लेकरं, कोंबड्या, कुत्रं फिरतं. घूस बिळात मेली तर दुर्गंधी वेगळीच. आणि एक मेली तरी तयार बिळात दुसरी येते, कारण खाणं आणि आडोसा तसाच असतो.

तो आपणच पुरवतो. भिंतीला टेकून कडबा, सरपण, पेंडीची पोती, शेजारी न्हाणीचं सांडपाणी. हे सगळं भिंतीपासून तीन-चार फूट लांब न्या. कडबा दगडांवर फळ्या टाकून उंच रचा. निम्मं काम तिथंच होतं.

मग संध्याकाळी बिळांची तोंडं चिखलानं लिंपा. सकाळी जी उकरलेली दिसतील ती चालू बिळं. तिथं भजं किंवा सुकट लावून पिंजरा ठेवा. मेलेला उंदीर उघड्या हातानं उचलू नका, लेप्टोचा धोका असतो. बीळ शांत झालं की खडी आणि चिकणमाती ठासून भरा.

बिळात पाणी ओतायची सवय मात्र सोडा. बांधावर ठीक, पण घराच्या पायात तेच पाणी माती भुसभुशीत करतं. पोकळ झालेल्या पायात पावसाचं पाणी शिरलं की दगड-मातीची भिंत बसते. आत माणसं झोपलेली असतात, हे ध्यानात ठेवा.

कायमचा बंदोबस्त जाळीचा. भिंतीलगत दोन फूट चर काढा, पण पायाच्या खाली जाऊ नका. जुनं घर असेल तर एकदम न खणता चार-चार फुटांनी काम करा. अर्ध्या इंचापेक्षा मोठं भोक नसलेली जस्ताची जाळी उभी लावा, तळाला फूटभर बाहेर वळवा आणि मुरूम ठोकून घ्या. घूस भिंतीशी उकरत खाली गेली की वळवलेल्या जाळीवर अडते.

खर्च एकदाच आहे. औषधाची पुडी दरवर्षी लागते.

आणि धामण दिसली तर मारू नका. ती बिनविषारी असते, उंदरामागं बिळात शिरते. ते काम आपल्याच्यानं होत नाही.

पाऊस लागायच्या आत घराभोवती एक चक्कर मारा. तुमच्याकडं काय करतात, तेही सांगा.