कोमेजलेले रोप तहानलेलेच असते असे नाही

दोन वर्षांपूर्वी पावसाळ्यात आमच्या हातून एक चूक घडली. ती तुमच्या घरी घडू नये म्हणून मोकळेपणाने सांगतो.

आमची मुलगी नर्सिंगच्या शिक्षणासाठी वसतिगृहात गेली. शिकवणीच्या पैशांतून तिने घेतलेले फिटोनियाचे रोप जाताना आमच्या हवाली केले. म्हणाली, "बाबा, एवढं सांभाळा." आम्ही पडलो कारकून. मस्टरवर सही करावी तसे रोज सकाळी सात वाजता नियमाने एक पेला पाणी घालू लागलो. बाहेर पाऊस, कुंडीखालची बशी भरलेली; पण नियम म्हणजे नियम!

महिन्याभरात पाने मलूल होऊन लोळली. तहान लागली असे समजून आम्ही आणखी पाणी घातले. देठ बुडाशी काळे पडले, तेव्हा कुंडी घेऊन नर्सरी गाठली. तिथे काम करणाऱ्या मावशींनी रोप अलगद बाहेर काढले. मुळे तपकिरी, लिबलिबीत, कुजका वास येणारी. त्या म्हणाल्या, "याले तहान नाही लागली भाऊ, हे बुडालं."

हे रोप मूळचे दक्षिण अमेरिकेतील पेरू व आसपासच्या देशांतील पावसाळी जंगलांतले. मोठ्या झाडांच्या सावलीत ते जमिनीलगत पसरते. आपल्या अडुळशाच्या आणि अबोलीच्या कुळातलेच. हिरव्या पानांवर पांढऱ्या किंवा गुलाबी शिरांची जाळी हीच त्याची शोभा. वनस्पतिशास्त्रावर पुस्तके लिहिणाऱ्या एलिझाबेथ आणि सारा मेरी या फिटन भगिनींवरून त्याला हे नाव मिळाले. त्यांचे पहिले पुस्तक १८१७ साली निघाले, तेही लेखिकांच्या नावाविना.

फिटोनियाला ओलावा हवा, पण चिखल नको. पाणी कमी पडले की ते बेशुद्ध पडल्यासारखे लोळते, आणि पाणी मिळताच काही तासांत उठून बसते. परंतु मुळे कुजली तरीही ते तसेच लोळते. दिसणे एक, दुखणी दोन, आणि उपाय अगदी उलट! म्हणून आधी मातीत बोट घालावे. वरचा थर सुकू लागला असेल तरच पाणी द्यावे. माती ओली असूनही रोप लोळत असेल, तर पाणी थांबवून मुळे तपासावीत.

कुंडी उथळ, पण बुडाला भोक असलेली घ्यावी. बागेची माती, कोकोपीट, गांडूळखत आणि थोडी वाळू मिसळली की पाणी तुंबत नाही. बशीत साचलेले पाणी ओतून टाकावे. उजेड भरपूर असावा, पण थेट ऊन लागले की पाने करपतात. शेंडे अधूनमधून खुडले म्हणजे रोप दाट पसरते.

आमच्या नागपूरच्या उन्हाळ्यात हवा कोरडी ठणठणीत. कूलरच्या खोलीत ओलावा असतो, तिथे रोप ठेवावे. मात्र वाऱ्याच्या झोतासमोर नको. कूलर नसेल तर काचेची रुंद तोंडाची जुनी बरणी घ्यावी. तळाशी खडे, त्यावर कोळशाचे तुकडे, मग माती घालून छोटे रोप लावावे आणि झाकण ठेवावे. आतला ओलावा आतच फिरतो, त्यामुळे पाणी फार क्वचित लागते. काचेवर सतत दाट दव दिसले तर झाकण थोडा वेळ उघडावे. बरणी उन्हात मुळीच ठेवू नये.

आमच्या रोपाचे चार शेंडे तेवढे निरोगी होते. मावशींच्या सांगण्यावरून ते दोन-तीन पेरांसह कापले, खालची पाने काढली आणि पेल्यातल्या पाण्यात ठेवले. पाणी दर दोन दिवसांनी बदलले. सुमारे तीन आठवड्यांत तिघांना पांढरी मुळे फुटली, एक गेला.

सुटीत मुलगी आली तेव्हा लपवावेसे वाटले होते, पण खरे तेच सांगितले. ती थोडा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, "बाबा, आम्हालाही पहिल्या दिवसापासून हेच शिकवतात. आधी तपासायचं, मग उपाय." जाताना एक रोप ती सोबत घेऊन गेली. उरलेली दोन आमच्याकडे आहेत. पाण्याची वेळ आता घड्याळ नव्हे, बोट ठरवते.