पाण्याला वाट मोकळी, आजाऱ्याला अडसर

दोडामार्ग हा सिंधुदुर्ग जिल्ह्याच्या टोंकाचा तालुका. बांद्याकडून येणारा रस्ता आणि तिलारीचा घाट उतरून येणारा रस्ता येथें मिळतात, आणि बाजारपेठ संपते न संपते तोंच गोव्याची हद्द लागते. या वाटेनें रोज सकाळीं कोण जातो तें शेतकरी बंधूंनीं पाहावें. म्हापसें-डिचोलीकडे रोजंदारीस निघालेलीं आमचीं पोरें, गवंडी, सुतार, काजू-नारळ विकणारे; आणि त्यांच्याच गर्दींत बांबोळीच्या सरकारी रुग्णालयांत पोंचण्याची घाई झालेला एखादा आजारी.

१९६१ सालापर्यंत ही परक्या राज्याची सरहद्द होती. पलीकडे पोर्तुगीजांचा शिपाई बंदूक घेऊन उभा असे. १९ डिसेंबर १९६१ रोजीं तें राज्य बुडालें. पुढें ३० मे १९८७ रोजीं गोवा निराळें घटकराज्य झालें. त्याबद्दल आमची तक्रार नाहीं. १९६७ च्या कौलांत गोंयकारांनीं आपलें मत सांगितलें होतें, आणि तें मानणें हाच न्याय. आमचा प्रश्न इतकाच कीं, ही रेघ अडवते कोणाला आणि सोडते कोणाला?

पाण्याला ती अडवीत नाहीं. तिलारीचें धरण याच तालुक्यांत झालें. १९९० च्या करारानें खर्चाचा वांटा गोव्याकडे शेकडा ७३.३० आणि महाराष्ट्राकडे शेकडा २६.७० असा ठरला. बुडालीं तीं दोडामार्गचीं गांवें. पाण्याचा मोठा वांटा गेला गोव्याला. मालालाही ती अडवीत नाहीं. १ जुलै २०१७ रोजीं जी. एस. टी. आला आणि विक्रीकराचे नाके उठले.

मग अडला कोण? २०१८ सालीं बांबोळीस गोव्याबाहेरच्या आजाऱ्यांवर फी बसली, तेव्हां दोडामार्गच्या रयतेला आंदोलन करावें लागलें. २०२० सालीं करोनाची सांथ आली, हद्द बंद झाली, आणि ज्यांची चूल गोव्याच्या मजुरीवर पेटते ते घरीं बसले. ज्याच्या गांठीं पैसा आहे त्याला पुण्या-मुंबईचे दवाखाने मोकळे आहेत. रेघ आडवी येते ती हातावर पोट असणाराला.

कोणी म्हणेल, गोव्याच्या करदात्यानें महाराष्ट्राच्या आजाऱ्याचा भार कां वाहावा? प्रश्न रास्त आहे. पण त्याचें उत्तर गोव्यानें नव्हे, मुंबईनें द्यावयाचें आहे. दोडामार्गचा शेतकरी कर भरतो तो महाराष्ट्राला. त्याला औषधपाणी पुरविणें हें महाराष्ट्र सरकारचें काम. तें त्याच्या दारीं नीट झालें असतें, तर बाळंतीण बाईला घेऊन परराज्याची वाट धरण्याची हौस कोणाला होती?

सवलत मिळते, योजना येतात, हें आम्ही नाकारीत नाहीं. पण सवलत ही देणाऱ्याच्या मर्जीवर. आज आहे, उद्यां नाहीं. करार हा हक्क. पाण्याचा हिशेब दोन सरकारें दशांशापर्यंत मांडूं शकतात, तर आजाऱ्याचा हिशेब मांडतांनाच त्यांची लेखणी कां अडते? महाराष्ट्रानें आपल्या माणसांच्या उपचाराचा खर्च गोव्यास वेळच्या वेळीं द्यावा, गोव्यानें आजाऱ्यास दारांत न अडवतां आधीं खाटेवर घ्यावें, आणि हें सारें तिलारीसारखें कागदावर सहीशिक्क्यानें व्हावें. त्याबरोबरच तालुक्याच्या गांवीं डॉक्टर आणि औषधें कायम असावीं, म्हणजे पलीकडे जाण्याची वेळच क्वचित् येईल.

बंधूंनो, हें आपोआप होणार नाहीं. प्रत्येक ग्रामसभेनें असा ठराव करून धाडावा. मतें मागावयास जो दारीं येईल, त्याला रस्त्याच्या डांबराबद्दल विचारण्याआधीं विचारावें: या रस्त्यानें गेलेल्या आमच्या आजाऱ्याचें पुढें काय होतें, आणि त्याची जबाबदारी कोणाची?