कांद्याचं माहेर सांभाळायचं कोणी?

तुम्ही न्यू जर्सीत असा, दुबईत असा नाहीतर लंडनच्या उपनगरात, घरच्या फोनवर कांद्याची बातमी येतेच. भाव चढला, भाव पडला, निर्यात अडली, चाळीतला कांदा सडला. 1998 साली दिल्लीतलं सरकार कांद्याने पाडलं असं अजूनही बोललं जातं. इतक्या चर्चेत एक प्रश्न मात्र कोणी विचारत नाही: हा कांदा मुळात आला कुठून, आणि तिथे आज काय परिस्थिती आहे?

आपण खातो तो कांदा, म्हणजे अ‍ॅलियम सेपा, आज रानात कुठेही सापडत नाही. भाताचे, गव्हाचे रानटी पूर्वज माहीत आहेत. कांदा मात्र हजारो वर्षं माणसाच्या शेतातच वाढतो आहे. उरली आहेत ती त्याची भावंडं. त्यातलं जनुकीय दृष्ट्या अगदी जवळचं समजलं जाणारं एक म्हणजे अ‍ॅलियम वाव्हिलोव्ही. तुर्कमेनिस्तान आणि इराणच्या सीमेवर कोपेत दाग नावाची डोंगररांग आहे. तिच्या रखरखीत उतारांवर, घसरत्या दगडगोट्यांमध्ये हा कांदा उगवतो. आपल्या शेतातल्या कांद्याशी त्याचा संकर होतो आणि त्या संकरित झाडाला बीही धरतं. म्हणजे नातं नुसतं कागदावरचं नाही, अजून सोयरीक जुळण्याइतकं जवळचं आहे.

त्या डोंगरात पाणी मिळतं ते हिवाळ्यात आणि वसंतात. बर्फ वितळलं की कांद्याने घाईघाईने पात काढायची, अन्न तयार करायचं, ते जमिनीखाली भरून ठेवायचं आणि उन्हाळा सुरू झाला की पात वाळवून चक्क झोपी जायचं. वर पापुद्र्यांचं कोरडं आवरण, आत साखर आणि पाणी, आणि कुरतडणाऱ्याच्या तोंडाला झोंबेल असं गंधकयुक्त रसायन. कांदा चिरताना आपल्या डोळ्यांतून येणारं पाणी हा त्या बंदोबस्ताचाच प्रसाद. हे सगळं जमायला वेळ लागतो. असे डोंगरी कांदे बी रुजल्यापासून फुलायला काही वर्षं घेतात.

आता लासलगावचा उन्हाळ कांदा आठवा. एप्रिलमध्ये काढायचा, पात वाळवायची, चाळीत भरायचा आणि तो पुढे चार-पाच महिने टिकावा अशी आशा धरायची. तो टिकतो कारण कांदा काढणीनंतर सुप्तावस्थेत जातो, लगेच कोंब फुटत नाहीत. ही झोप शेतकऱ्याने त्याला शिकवलेली नाही. निवड करून वाढवली असेल, पण मूळ सवय कोरड्या डोंगरातल्या उन्हाळ्याची. कांदाचाळ ज्या गुणावर उभी आहे, तो गुण मध्य आशियातल्या दगडांत घडला, असं म्हटलं तर फार अतिशयोक्ती होणार नाही.

नावातल्या वाव्हिलोव्हविषयी दोन वाक्यं. पिकांची मूळ ठिकाणं शोधत जग पालथं घालणारा हा रशियन शास्त्रज्ञ 1943 मध्ये सारातोवच्या तुरुंगात मरण पावला. लेनिनग्राडच्या वेढ्यात त्याच्या संस्थेतले सहकारी बियाण्यांच्या पोत्यांशेजारी उपाशी मेले, पण त्यांनी बी खाल्लं नाही.

रानातल्या भावंडाचा प्रत्यक्ष उपयोग किती, याचं सर्वात चांगलं उदाहरण मात्र आपल्या हिमालयातलं आहे. पश्चिम हिमालयातला अ‍ॅलियम रॉयली हा दिसायला साधा रानटी कांदा. युरोपच्या थंड, दमट हवेत कांद्यावर डाऊनी मिल्ड्यू पडतो (आपले द्राक्ष बागायतदार ज्याला केवडा म्हणतात, त्याच जातकुळीतला रोग), आणि बुरशीनाशकांच्या फवारण्यांवर फवारण्या कराव्या लागतात. या हिमालयी कांद्यात त्या रोगाला रोखणारं एक जनुक सापडलं. नेदरलँड्समधल्या संशोधकांनी ते शेतातल्या कांद्यात आणायला घेतलं, आणि त्याला सुमारे 20 वर्षं लागली. कारण जनुकाशेजारीच एक घातक घटक चिकटून येत होता. दोन्ही पालकांकडून तो आला की रोपच जगत नसे. जनुक राहील आणि तो घटक गळेल असं एखादं रोप सापडेपर्यंत पिढ्यांमागून पिढ्या तपासाव्या लागल्या. 2007 मध्ये यश जाहीर झालं. तुम्ही युरोपात राहत असाल तर कमी फवारणीचा एखादा कांदा तुमच्या ताटात आला असेल आणि त्यात हिमालयाचा अंश असेल.

आपल्याकडे करपा आहे, पीळ आहे, फुलकिडे आहेत, अवकाळी पाऊस आहे. राजगुरुनगरच्या कांदा-लसूण संशोधन संचालनालयाला यावर काम करायचं तर असेच नातेवाईक धुंडाळावे लागणार.

आणि इथेच माझी तक्रार आहे. 2001 मध्ये अन्न व शेतीसाठीच्या वनस्पती जनुकीय संपदेचा आंतरराष्ट्रीय करार झाला. त्यात ठरलेल्या पिकांचं बियाणं सदस्य देशांनी सामायिक नियमांनी एकमेकांना द्यायचं आणि व्यापारी फायदा झाला तर त्यातला वाटा एका निधीत भरायचा, अशी व्यवस्था आहे. यादीत 64 पिकं आणि पीकगट आहेत. गहू, भात, बटाटा आहेतच. शतावरीवर्गातलं अ‍ॅस्परॅगस आहे, स्ट्रॉबेरीसुद्धा आहे. कांदा नाही. लसूणही नाही! ही यादी शास्त्रज्ञांनी गरज मोजून केलेली नव्हती, देशादेशांनी घासाघीस करून केली होती, हे त्यावरून लगेच दिसतं. परिणाम असा की कोपेत दागमधलं मूठभर बी संशोधनासाठी हवं असेल तर दर वेळी त्या देशाशी स्वतंत्र वाटाघाटी करायच्या.

त्या देशांची बाजू मी झटकून टाकणार नाही. आमच्या डोंगरातलं जनुक न्यायचं, वाण विकून पैसे कमवायचे आणि आम्हाला काय, हा प्रश्न रास्त आहे. हिमालयाच्या बाबतीत आपणही तो विचारू शकतो. पण त्याचं उत्तर कांद्याला यादीबाहेर ठेवणं हे नाही. कांदा यादीत घ्यावा आणि वाट्याचा पैसा त्या उतारांपर्यंत पोचावा. यादी वाढवण्याची चर्चा अनेक वर्षं चालली आहे. आपण राहतो त्यातले बरेच देश या कराराचे सदस्य आहेत, अमेरिकाही 2017 पासून आहे. स्थानिक प्रतिनिधीला पत्र लिहिणारी आपली मंडळी व्हिसावर लिहितात, एखाद्या वेळी यावरही लिहायला हरकत नाही.

कोणी म्हणेल, बी गोठवून ठेवलं की झालं. जर्मनीत गाटर्सलेबेनला कांदावर्गाचा मोठा संग्रह आहे, त्याचं मोल मोठंच. पण कांद्याचं बी फार अल्पायुषी. साध्या हवेत एक-दोन वर्षांत त्याची उगवण घसरते. थंडीत ते टिकतं, तरी कधी ना कधी पुन्हा पेरावं लागतं. परागीभवन कीटकांनी होत असल्याने शेजारच्या जातीचा परागकण येऊ नये म्हणून जाळीत वाढवावं लागतं, आणि डेंगळे यायला काही वर्षं थांबावं लागतं. शिवाय डबीतलं बी बदलत नाही. डोंगरावरची बुरशी बदलते, पाऊस बदलतो, त्यांच्याशी झुंजत राहणारं झाड डोंगरावरच हवं.

तिथे मात्र शेळ्या-मेंढ्या चरतात, आणि माणसं कांदे खणून नेतात. यात खलनायक शोधू नका. ताश्कंदच्या ईशान्येला प्स्केम नदीचं खोरं आहे. तिथला अ‍ॅलियम प्स्केमेन्स नावाचा डोंगरी कांदा लोक पूर्वापार खात आले आहेत. आज तो उझबेकिस्तानच्या लाल यादीत आहे. पण त्याच लोकांनी तो डोंगरावरून आणून परसातही लावला आहे. आपला कांदा पहिल्यांदा शेतात आला तो बहुधा असाच, कुणा घरच्या बाईने किंवा गड्याने चार गड्डे दाराशी खोचले तेव्हा. संवर्धनाचा पैसा द्यायचा तर कुंपण घालणाऱ्यांच्या आधी या परसबागांना द्यावा, असं माझं मत आहे. डोंगरावर ओरबाडण्याची गरज त्यानेच कमी होईल.

जाता जाता, ट्रेकला जाणाऱ्यांसाठी. सह्याद्रीत ज्याला रानकांदा किंवा कोळकांदा म्हणतात तो या कुळातलाच नाही. तो ड्रिमिया, आणि हृदयावर परिणाम करणारं विष त्यात असतं. अमेरिकेच्या पश्चिमेकडच्या डोंगरांत खऱ्या रानटी कांद्यांच्या शेजारी डेथ कॅमस उगवतं, तेही तसंच दिसतं आणि जीवघेणं आहे. पात चुरडून कांद्याचा वास आला नाही तर हात लावू नका. वास आला, तर फोटो काढा आणि गड्डा जमिनीतच राहू द्या.