कंट्रोलर जोडला, पण गेम ओळखेना

ईदी जमवून मुलगा साधा यूएसबी कंट्रोलर आणतो. कॉम्प्युटरला तो दिसतो, गेमला दिसत नाही. मग कुणी मित्र सांगतो, अमुक सॉफ्टवेअर टाक. आणि तिथून एररची रांग लागते. या महिन्यात त्याविषयी.

विंडोजमध्ये कंट्रोलरच्या दोन बोली आहेत. जुनी डायरेक्टइनपुट, आणि २००५ मध्ये एक्सबॉक्स ३६० बरोबर आलेली एक्सइनपुट. नंतरच्या बऱ्याच गेमना फक्त दुसरी समजते, बाजारातले स्वस्त कंट्रोलर अनेकदा पहिलीच बोलतात. मध्ये बसणारा दुभाषी म्हणजे एक्स३६०सीईसारखे सॉफ्टवेअर. ते कंट्रोलरला एक्सबॉक्सचा असल्यासारखे दाखवते.

दुभाष्याला दोष देण्याआधी कंट्रोलर तपासा. विंडोज आणि आर ही बटणे एकदम दाबून ‘जॉय.सीपीएल’ इंग्रजीत टाइप करा. उघडलेल्या खिडकीत कंट्रोलर निवडून प्रॉपर्टीजमध्ये जा. बटण दाबल्यावर तिथला दिवा लागत नसेल, तर दोष वायरचा, पोर्टचा किंवा कंट्रोलरचाच. लॉजिटेक एफ३१० सारख्या कंट्रोलरला मागे एक्स आणि डी असे स्विच असते. ते एक्सवर सरकवले की दुभाषी लागतच नाही. गेम स्टीमवरचा असेल, तर स्टीमच्या सेटिंगमध्येही ही सोय आहे.

आता सर्वांत जास्त दिसणारा एरर: ‘एक्सइनपुट१_३.डीएलएल’ सापडत नाही. ही जुन्या डायरेक्टएक्सची फाइल. मायक्रोसॉफ्टच्या स्वतःच्या साइटवर ‘डायरेक्टएक्स एंड-यूजर रनटाइम, जून २०१०’ मोफत मिळते, त्यात ती येते. पण मुले काय करतात? फाइलचे नाव शोधून पहिल्या दिसेल त्या साइटवरून ती उतरवतात, आणि व्हिडिओत सांगितले म्हणून अँटिव्हायरसही बंद करतात. त्याच कॉम्प्युटरवर अब्बांचे बँकेचे काम चालते, आपाच्या शिष्यवृत्तीचे कागद असतात. परक्या फाइलमधून पासवर्ड चोरणारा प्रोग्राम आला, तर गेम सुरूही होईल आणि कुणाला काही कळणारही नाही. अँटिव्हायरस बंद करायला सांगणारी गेमची कोणतीही फाइल घरच्या कॉम्प्युटरवर नको, एवढे मुलाला शेजारी बसवून सांगा. नुसती मनाई केली तर तो तेच रात्री करेल.

शेवटी ‘७बी’ असलेला लांबलचक कोड आला, तर बहुधा ३२ आणि ६४ बिटची सरमिसळ झालेली असते. एक्स३६०सीईच्या तिसऱ्या आवृत्तीत डीएलएल गेमच्या फोल्डरमध्ये ठेवावी लागते. गेम ३२ बिटचा असेल तर तीही ३२ बिटचीच हवी. चौथी आवृत्ती त्याऐवजी व्हायजेमबस नावाचा ड्रायव्हर वापरते. तो बसवताना विंडोज अ‍ॅडमिनची परवानगी मागते, म्हणून मुलाच्या साध्या खात्यातून काम अडते.

एकदा दाबले आणि उडी दोनदा? गेमला खरा आणि बनावट, दोन्ही कंट्रोलर दिसत आहेत. हिडहाइड या सॉफ्टवेअरने खरा लपवता येतो. स्टीमचा दुभाषीही चालू असेल, तर दोघांपैकी एक बंद करा.

ऑनलाइन स्पर्धेच्या गेममध्ये मात्र हा खटाटोप नको. फसवणूक पकडणारी यंत्रणा फोल्डरमधल्या अशा डीएलएलवरही संशय घेऊ शकते, आणि मुलाचे खाते बंद पडू शकते.