कॅमेरा कोणाच्या हाती?

जेथे रोज माणसे मरतात तेथे चित्रपट काढावयास शिकविणे ही निव्वळ चैन होय. आधी अन्न, औषध आणि शांतता, कला मागाहून, असा आक्षेप सुशिक्षित मंडळींकडून वारंवार ऐकू येतो. आक्षेप दिसावयास सात्त्विक आहे, म्हणूनच तो तपासून पाहणे अवश्य आहे. आम्हांस तो मुळीच मान्य नाही, आणि श्रीमती मैसून पाचाची यांची कामगिरी हे त्यास पुरेसे उत्तर आहे, असे आम्ही समजतो.

बाई मूळच्या इराकी, वास्तव्य लंडनला. संकलनाच्या कामातून त्या अनुबोधपटांकडे वळल्या. जेरुसलेम, गाझा आणि बीरझैत येथे त्यांनी चित्रपटविद्या शिकविली. तीन दशकांहून अधिक काळाने, २००४ साली, त्या वृद्ध वडिलांसमवेत बगदादला परतल्या. वडील अदनान पाचाची हे एके काळचे परराष्ट्रमंत्री. त्या प्रवासावर बाईंनी अनुबोधपट केला. पण तेवढ्याने त्यांचे समाधान झाले नाही. त्याच वर्षी कासिम अबिद या इराकी दिग्दर्शकाच्या सहकार्याने त्यांनी बगदादेत स्वतंत्र चित्रपट विद्यालय काढले. शिक्षण विनामूल्य होते.

याची गरज काय होती? १९९० पासून २००३ पर्यंत इराकवर आर्थिक निर्बंध होते. त्या काळात चित्रपटाची कच्ची फीतही दुर्मिळ झाली आणि तरुणांची एक पिढी या विद्येस मुकली. पुढे युद्ध आले आणि शहर परदेशी कॅमेऱ्यांनी भरून गेले. त्यांनी स्फोट आणि रणगाडे टिपले. घरात शिरून चूल पेटते की नाही, हे पाहण्यास त्यांस सवड नव्हती. ते काम विद्यालयाच्या हिबा बासेम या विद्यार्थिनीने केले. ‘बगदादचे दिवस’ या आपल्या अनुबोधपटात तिने किरकुकहून शिक्षण पुरे करण्यासाठी राजधानीत आलेल्या एकट्या मुलीची, म्हणजे स्वतःचीच, रोजनिशी मांडली. राहावयास जागा हवी, नोकरी हवी, घरच्यांशीही झगडावे लागते! ही हकीकत कोणता परका वार्ताहर सांगणार होता?

याहून बळकट आक्षेप निराळाच आहे. ज्या शहरात कॅमेरा हाती दिसणेच जिवावर बेतते, तेथे तो विद्यार्थ्याच्या हाती देण्याचा गुरूस अधिकार काय? हा प्रश्न आम्ही हसण्यावारी नेत नाही. परंतु गुरूंनीही तो नेला नाही. हिंसाचार अनावर झाला तेव्हा, २००६ च्या अखेरीस, त्यांनी बगदादमधील काम थांबविले आणि अपुरे चित्रपट दमास्कसला नेऊन पुरे करविले. विद्यार्थ्यांचा जीव आणि विद्यार्थ्यांचे काम, दोन्ही जपण्याची ही रीत होती. अशा शिक्षणास चैन म्हणणे हा शब्दाचा दुरुपयोग आहे.

अन्नछत्र घालणाऱ्यास आपण दाता म्हणतो, आणि ते योग्यच आहे. पण आपले दुःख आपल्या तोंडाने सांगण्याचा अधिकार भाकरीनंतर केव्हातरी द्यावयाचा असतो, असे ज्यांस वाटते, त्यांनी एवढेच स्वतःस विचारावे: आपल्या घरावर असा प्रसंग आला, तर त्याची कैफियत सर्वस्वी परक्याने मांडलेली आपणांस चालेल काय?