दीड पेनीचे साप्ताहिक

ज्ञानप्रसार हे पुण्यकृत्य असल्यामुळे त्याचा भार सरकारने अथवा धनिकांनी उचलावा, व्यापाऱ्याच्या हाती ते गेले की त्याला अवकळा आलीच, असे मानणाऱ्या सज्जनांनी एडिंबरोच्या विल्यम चेंबर्स या पुस्तकविक्रेत्याचे चरित्र अवश्य पाहावे.

विल्यमचा जन्म १८०० साली स्कॉटलंडमधील पीबल्स या गावी झाला. तेथे ठेवलेल्या फ्रेंच युद्धकैद्यांना त्याच्या वडिलांनी विश्वासाने दिलेली कापडाची उधारी बुडाली आणि खाऊनपिऊन सुखी असलेले घर दारिद्र्यात लोटले गेले. एडिंबरोत एका पुस्तकविक्रेत्याकडे आठवड्याला चार शिलिंगांवर उमेदवारी करीत असता हा मुलगा पहाटे एका भटारखान्यात जाई आणि कणीक तिंबणाऱ्या मालकास व त्याच्या मुलांस कादंबऱ्या वाचून दाखवी. मेहनताना म्हणून भट्टीतून नुकताच निघालेला एक पाव मिळे. वाचनाची भूक ऐपतीवर अवलंबून नसते, याचा असा रोकडा पुरावा फारच थोड्या प्रकाशकांच्या पदरी असेल.

पुढे धाकटा भाऊ रॉबर्ट याने १८१८ साली घरचीच जुनी पुस्तके मांडून लीथ वॉकवर दुकान थाटले. विल्यमनेही त्याच मार्गाने जाऊन एक जुनाट छापयंत्र मिळविले आणि बर्न्सच्या गीतांच्या ७५० प्रती स्वतः खिळे जुळवून, छापून व बांधून विकल्या. कागदावर जबर कर असतानाही ४ फेब्रुवारी १८३२ रोजी त्याने साप्ताहिक काढले ते दीड पेनीला, आणि तेही शनिवारी, म्हणजे मजुराच्या हाती मजुरी पडण्याच्या दिवशी! लवकरच खप पन्नास हजारांच्या घरात गेला. त्याच वर्षी लॉर्ड ब्रूम प्रभृतींच्या ज्ञानप्रसारक मंडळीने काढलेले सचित्र ‘पेनी मॅगझिन’ किमतीने त्याहूनही स्वस्त होते. ते १८४५ साली बंद पडले, तर चेंबर्सबंधूंचे नियतकालिक १९५६ पर्यंत चालले.

या व्यापारी मार्गालाही दंड भरावा लागतो, हे मात्र नाकारता येत नाही. सृष्टीच्या क्रमविकासाचे प्रतिपादन करणारा रॉबर्टचा ग्रंथ १८४४ साली निनावी निघाला, कारण धर्मनिष्ठ वाचकांचा रोष दोघा भावांच्या प्रकाशन-पेढीला परवडणारा नव्हता; लेखकाचे नाव त्यावर छापले गेले ते १८८४ साली, रॉबर्टच्या मृत्यूनंतर तेरा वर्षांनी.

तथापि आश्रयदात्याची मर्जी आणि गिऱ्हाइकाची मर्जी यांपैकी एकीचे दास्य प्रकाशकाला अटळच असेल, तर त्याने निःशंकपणे दुसरीचे पत्करावे. कारण दीड पेनी मोजणारा मजूर पुढल्या शनिवारी अंक न घेऊन आपला निकाल देऊ शकतो, धर्मार्थ मिळालेल्या ग्रंथाच्या वाचकाला मात्र केवळ कृतज्ञ राहण्याचाच अधिकार उरतो.